आईच्या नावाची योजना

वडील गेले तेव्हा घरात शंभर पौंड होते आणि सात मुलं. जोसेफ ब्राउन हे मुलांचा छळ रोखण्यासाठी काम करणाऱ्या एका संस्थेचे निरीक्षक. आयर्लंडच्या मध्यभागातल्या अ‍ॅथलोन गावाच्या आसपास गरिबांच्या कोंदट घरांमधून हिंडणं हेच त्यांचं काम होतं. त्यातच त्यांना क्षयानं गाठलं. त्यांच्या पाठोपाठ त्यांच्या बायकोलाही तोच आजार झाला आणि आपले दिवस भरले आहेत हे तिला कळलेलं होतं. आपण इथंच मेलो तर पोरं गरिबांसाठीच्या वर्कहाउसात जातील, या धास्तीनं तिनं घरातलं होतं नव्हतं ते विकलं आणि मुलांना घेऊन बोटीनं इंग्लंड गाठलं. लंडनला पोचल्यावर दोन दिवसांत ती गेली. तिला बेवारस गरिबांच्या दफनभूमीत पुरलं. सातांपैकी सहा मुलांना क्षय झाला. थोरल्या आयलीननं भावंडांना सांभाळलं, आणि पुढं तीही क्षयानंच गेली.

या मुलांपैकी एक, नोएल ब्राउन, १९४८ मध्ये आयर्लंडचा आरोग्यमंत्री झाला. तीन वर्षांनी, ११ एप्रिल १९५१ रोजी त्याला राजीनामा द्यावा लागला. बाळंतिणींना आणि सोळा वर्षांखालच्या मुलांना मोफत औषधोपचार देणारी योजना त्यानं आणली होती. कॅथलिक बिशपांनी ती आपल्या शिकवणीविरुद्ध ठरवली आणि मंत्रिमंडळानं मान तुकवली. आयर्लंडच्या विसाव्या शतकातल्या इतिहासात या प्रकरणाला 'मदर अँड चाइल्ड स्कीम' एवढं नाव पुरतं.

आपल्याकडं आयर्लंड माहीत झालं ते टिळकांच्या होमरूलच्या निमित्तानं, डी व्हॅलेराच्या नावानं, आणि राज्यघटनेच्या वर्गात. आपल्या घटनेतली मार्गदर्शक तत्त्वं १९३७ च्या आयरिश घटनेवरून घेतली, हे विद्यार्थी पाठ करतात. त्याच आयरिश घटनेच्या ४४ व्या कलमानं कॅथलिक चर्चला देशात 'विशेष स्थान' दिलं होतं आणि ते १९७२ च्या सार्वमतानंतर काढलं गेलं, हे मात्र त्या वर्गात कुणी सांगत नाही. घटनेच्या मसुद्यावर पंतप्रधान डी व्हॅलेरांना सतत टिपणं पाठवणारा एक पाद्री होता. ब्लॅकरॉक कॉलेजचा मुख्य, जॉन चार्ल्स मॅक्वेड. १९४० मध्ये तो डब्लिनचा आर्चबिशप झाला आणि १९७२ पर्यंत त्या पदावर राहिला. ब्राउनच्या गोष्टीतला दुसरा माणूस तोच.

या प्रकरणावर त्यात असलेल्या माणसांनीच पुस्तकं लिहून ठेवली, म्हणून ते पुन्हा पुन्हा वाचण्यासारखं आहे. ब्राउन यांचं 'अगेन्स्ट द टाइड' १९८६ मध्ये आलं आणि हातोहात खपलं. त्यांच्या खात्याचे मुख्य वैद्यकीय सल्लागार जेम्स डीनी यांनी १९८९ मध्ये 'टू क्युअर अँड टू केअर' लिहिलं. ब्राउन यांच्या पत्नी फिलिस यांचं पुस्तक नवऱ्याच्या मृत्यूनंतर १९९८ मध्ये आलं. ज्या पक्षनेत्यानं ब्राउन यांचा राजीनामा मागितला त्या शॉन मॅकब्राइड यांच्या आठवणी तर त्यांच्या मृत्यूनंतर सतरा वर्षांनी, २००५ मध्ये छापल्या गेल्या. घटना एक, पण या पुस्तकांमधले खलनायक वेगवेगळे.

आईच्या मृत्यूनंतर नोएलच्या वाट्याला जे आलं ते दैवाचा खेळ म्हणावा असं आहे. इंग्लंडमधल्या ईस्टबोर्नच्या एका शाळेनं त्याला फुकट घेतलं. तिथून तो शिष्यवृत्तीवर विंडसरजवळच्या बोमंट या जेझुइटांच्या महागड्या शाळेत गेला. तिथं डब्लिनच्या एका नामांकित शल्यविशारदाचा मुलगा, नेव्हिल चान्स, त्याचा मित्र झाला. या चान्स कुटुंबानं त्याचा ट्रिनिटी कॉलेजातल्या वैद्यकीय शिक्षणाचा खर्च उचलला. १९४० मध्ये शिकत असतानाच त्याचा क्षय उलटला, तेव्हा ससेक्समधल्या मिडहर्स्टच्या सॅनेटोरियमचं बिलही त्यांनीच भरलं. पैसेवाल्याच्या ओळखीनं आपण जगलो आणि ओळख नव्हती म्हणून भावंडं गेली, हे ब्राउन कधी विसरले नाहीत. 'उत्पन्न किती?' हा प्रश्न आजारी माणसाला विचारायचाच नाही, हा त्यांचा हट्ट कुठून आला ते इथं कळतं. सरकारी कागदांमध्ये हा हट्ट 'मंत्र्यांचा ताठरपणा' या नावानं येतो. आत्मचरित्रात तो एका बाईनं भांडीकुंडी विकण्यापासून सुरू होतो.

ट्रिनिटी हे प्रोटेस्टंटांचं कॉलेज मानलं जाई. कॅथलिक मुलानं तिथं जायचं तर बिशपची परवानगी हवी, असा चर्चचा दंडक होता. १९४४ मध्ये मॅक्वेड यांनी तो आणखी कडक केला, आणि तो १९७० पर्यंत टिकला. इंग्लंडमध्ये वाढलेला आणि ट्रिनिटीत शिकलेला ब्राउन म्हणजे डब्लिनच्या कॅथलिक मध्यमवर्गाच्या दृष्टीनं आधीच थोडा परका. १९४२ मध्ये डॉक्टर झाल्यावर तो पुढं विकलो परगण्यातल्या न्यूकॅसल सॅनेटोरियमात कामाला लागला. तिथं खाटा कमी आणि प्रतीक्षायादी लांब. यादीतली माणसं घरी थांबायची, घरच्यांना आजार द्यायची, आणि पाळी येण्याआधी मरायची. देशाची लोकसंख्या तीस लाखांच्या आत, आणि क्षयानं दर वर्षी तीन हजारांहून अधिक मृत्यू. नोएल हार्टनेट नावाच्या वकील मित्रानं ब्राउन यांना पटवलं की, हा प्रश्न वॉर्डात सुटायचा नाही, सरकारातच जावं लागेल.

सरकारात जाण्याची वाट १९४६ मध्ये निघाली. आयआरए या सशस्त्र संघटनेचे एकेकाळचे प्रमुख शॉन मॅकब्राइड यांनी 'क्लान ना पोब्लाख्ता' नावाचा नवा पक्ष काढला. मॅकब्राइड म्हणजे ब्रिटिशांविरुद्धच्या १९१६ च्या उठावानंतर गोळ्या घातलेल्या जॉन मॅकब्राइडचे आणि क्रांतिकारक मॉड गॉन यांचे चिरंजीव. या नावांभोवती आयर्लंडमध्ये जे वलय होतं त्याची कल्पना आपल्याला सहज येईल. १९४८ च्या निवडणुकीत या पक्षाला दहा जागा मिळाल्या. सोळा वर्षं सत्तेत असलेल्या डी व्हॅलेरांना हटवण्यासाठी बाकीचे सगळे पक्ष एकत्र आले, जॉन कॉस्टेलो पंतप्रधान झाले, आणि ब्राउन खासदारकीच्या पहिल्याच दिवशी मंत्री झाले. वय बत्तीस. या मंत्रिमंडळानं पहिल्याच बैठकीत पोपना निष्ठेचा संदेश पाठवला. आपण पोपच्या चरणी आहोत, अशा अर्थाची त्याची भाषा होती. ब्राउनही त्या बैठकीचे एक भागीदार.

पुढच्या दोन-अडीच वर्षांत क्षयाविरुद्ध जे झालं ते आयर्लंडमध्ये अजून कौतुकानं सांगतात. इस्पितळांसाठी निघणाऱ्या स्वीपस्टेक लॉटरीचा निधी १९३० पासून साठत आला होता. त्याचं व्याज तेवढं वापरायचं, मुद्दलाला हात लावायचा नाही, अशी रीत होती. ब्राउन यांनी मुद्दल काढलं. सुमारे दोन हजार खाटा वाढवल्या, जुन्या इमारती ताब्यात घेतल्या, फिरती एक्स-रे तपासणी सुरू केली. बीसीजीची लस आली. डब्लिनमध्ये तिच्यासाठी वर्षानुवर्षं झटलेल्या डॉक्टर डोरोथी प्राइस यांच्याकडं तिची सूत्रं सोपवली. क्षयावरचं औषध स्ट्रेप्टोमायसिनही याच सुमाराला हाती आलं. मृत्यूंचा आकडा भराभर उतरू लागला.

इथं डीनी यांचं पुस्तक उघडावं लागतं. उत्तरेतल्या लर्गन गावचे हे डॉक्टर १९४४ पासून खात्याचे मुख्य वैद्यकीय सल्लागार. त्यांचं म्हणणं सरळ आहे. सॅनेटोरियमं उभारण्याचा कायदा १९४५ चा, क्षयावरची श्वेतपत्रिका १९४६ ची, जागा पाहून झाल्या होत्या, आराखडे तयार होते. ब्राउन आले तेव्हा गाडी चालू होती. श्रेय मात्र एकट्या मंत्र्याच्या नावावर गेलं, आणि स्वतः डीनी खात्यातून बाजूला, क्षयाच्या राष्ट्रीय पाहणीच्या कामावर गेले. यात दुखावलेला माणूस बोलतो आहे हे उघड आहे. पण तारखा त्याच्या बाजूनं आहेत. 'अगेन्स्ट द टाइड' वाचताना वाटतं की १९४८ पूर्वी आयर्लंडमध्ये कुणाला क्षयाची फिकीरच नव्हती. तसं नव्हतं. डीनी यांच्या पानापानावर हे सिद्ध होतं, आणि ब्राउन यांनी आपल्या पुस्तकात या माणसाला न्याय दिला नाही असं माझं मत आहे. एवढं मात्र डीनींनाही नाकारता येत नाही की आराखडा कपाटात असणं आणि लॉटरीचं मुद्दल मोडून तो दोन वर्षांत उभा करणं, यांत हजारो माणसांच्या जगण्यामरण्याचा फरक होता.

माता-बालक योजनेचंही तसंच. तिचा पाया १९४७ च्या आरोग्य कायद्यात, म्हणजे डी व्हॅलेरांच्या सरकारनं घातला होता. बिशपांनी तेव्हाच, ऑक्टोबर १९४७ मध्ये, खाजगीत आक्षेप कळवला होता. उत्तर देईपर्यंत डी व्हॅलेरांची सत्ता जायची वेळ आली. पत्रव्यवहार फायलीत राहिला आणि कायदा पुस्तकात राहिला. ब्राउन यांनी तो अमलात आणायचं ठरवलं.

डॉक्टरांची संघटना आधी उठली. उत्पन्नाची अट नसेल तर खाजगी फी देणारा रुग्ण उरणार नाही, ही त्यांची साधी भीती. मंत्रिमंडळातही डॉक्टर आणि डॉक्टरांचे स्नेही होते. केवळ पैशांच्या मुद्द्यावर ही लढाई झाली असती तर ब्राउन यांना काही जागा मिळाली असती. पण १० ऑक्टोबर १९५० रोजी फर्न्सचे बिशप स्टॉन्टन यांनी पंतप्रधानांना पत्र लिहिलं आणि लढाईची जमीनच बदलली. मुलांच्या आरोग्याची काळजी घेण्याचा हक्क आईबापांचा आहे, राज्याचा नाही. ज्यांना खरोखर ऐपत नाही ते शेकडा दहा. त्यांच्यासाठी सगळ्या समाजावर सरकारी औषधपाणी लादणं योग्य नाही. बायकांना आरोग्याचं शिक्षण देण्याच्या निमित्तानं सरकारी डॉक्टर त्यांना संततिनियमनाबद्दलही सांगतील. अशी एकेक कलमं.

दुसऱ्याच दिवशी ब्राउन यांना डब्लिनमधल्या ड्रमकाँड्राला आर्चबिशपच्या वाड्यावर बोलावलं. मॅक्वेड, स्टॉन्टन आणि गॉलवेचे बिशप मायकल ब्राउन तिथं होते. आपण सगळ्या शंका दूर केल्या, उरला तो फक्त उत्पन्नाच्या अटीचा मुद्दा, अशा समजुतीनं मंत्री बाहेर पडले. मॅक्वेड यांनी पंतप्रधानांना त्या भेटीबद्दल जे कळवलं ते अगदी वेगळं होतं. खोलीत चार माणसं, आणि भेट संपते न संपते तोच तिचे दोन वृत्तांत.

पुढं ब्राउन एकेका बिशपांना जाऊन भेटले. गॉलवेच्या भेटीचं त्यांनी केलेलं वर्णन त्या पुस्तकातलं सर्वांत गाजलेलं. धिप्पाड बिशप, सहीच्या आधी क्रूस काढण्याच्या प्रथेवरून लोकांनी ठेवलेलं त्यांचं टोपणनाव 'क्रॉस मायकल'. त्यांनी चांदीची पेटी पुढं केली. आत लंडनच्या बाँड स्ट्रीटवर खास वळून घेतलेल्या सिगरेटी होत्या. शँपेनही आली. हे वर्णन सूडानं लिहिलेलं आहे असं काही समीक्षक म्हणाले. असेल. पण मला त्यात दुसरंच दिसतं. ज्याची आई बेवारसांच्या दफनभूमीत आहे असा माणूस त्या दिवाणखान्यात बसून, बाळंतिणीला फुकट डॉक्टर मिळाला तर तिचं नैतिक नुकसान होईल का, यावर चर्चा करत होता. पस्तीस वर्षांनी त्याला त्या खोलीतली चांदीची पेटीच आठवावी, यात मला खोटं काही वाटत नाही.

मग त्या न पाठवलेल्या उत्तराची भानगड. बिशपांच्या पत्राला ब्राउन यांनी सविस्तर उत्तर तयार केलं आणि नोव्हेंबर १९५० मध्ये पुढं पाठवण्यासाठी पंतप्रधानांकडं दिलं. कॉस्टेलो यांनी ते ठेवून घेतलं. बिशपांच्या हाती ते पडलं मार्च १९५१ च्या अखेरीस. उत्तर गेलेलं आहे, बिशप गप्प आहेत, म्हणजे त्यांची हरकत नाही, असं आपण धरून चाललो, हे ब्राउन यांचं म्हणणं. कॉस्टेलोंनी संसदेत, म्हणजे डॉलमध्ये, सांगितलं की ते उत्तर थांबवल्याचं ब्राउन यांना ठाऊक होतं. कोण खरं? कॉस्टेलो यांनी आत्मचरित्र लिहिलं नाही. वकिली पेशाचा सावध माणूस, हातातलं कागदपत्र उगाच पुढं न ढकलणारा. ब्राउन यांचे चरित्रकार जॉन होर्गन यांनी दाखवून दिलं आहे की, ब्राउन नको ते ऐकायचं टाळत. मला वाटतं, पंतप्रधानांनी हे पुरतेपणी सांगितलं नाही आणि मंत्र्यांनी पुरतेपणी विचारलं नाही. त्या चार महिन्यांत योजनेचा जीव गेला.

मॅकब्राइड यांच्या आठवणींमध्ये हा सगळा काळ निराळ्या प्रकाशात येतो. त्यांच्या लेखी ब्राउन म्हणजे लहरी, संशयी, सहकाऱ्यांशी न बोलणारा माणूस. नोव्हेंबर १९५० मध्ये ते ब्राउन यांना डब्लिनच्या रसेल हॉटेलात जेवायला घेऊन गेले, आणि नंतर त्या संभाषणाचं टिपण करून ठेवलं. त्यात ब्राउन पक्ष फोडण्याच्या आणि सरकार पाडण्याच्या बेतात असल्याचं लिहिलं आहे. पक्षाध्यक्षानं आपल्याच मंत्र्याबरोबर जेवावं आणि मागाहून त्याचं बोलणं नोंदवून ठेवावं, एवढा अविश्वास दोघांमध्ये मुरला होता. मॅकब्राइड यांना पुढं १९७४ मध्ये शांततेचं नोबेल मिळालं. मानवी हक्कांसाठी त्यांनी जगभर केलेलं काम मोठंच आहे. पण त्यांच्या आठवणींत त्या एप्रिलमधला त्यांचा निर्णय वाचताना, आपल्या वागण्याचा त्यांना कधी त्रास झाला असावा असं जाणवत नाही. बिशपांनी नाही म्हटल्यावर पुढं जाणं शक्यच नव्हतं, हे ते हवापाण्यासारखं गृहीत धरतात.

मार्च १९५१ मध्ये ब्राउन यांनी योजनेची पुस्तिका छापून बिशपांना पाठवली. मॅक्वेड यांचा नकार दोन दिवसांत आला. ब्राउन यांनी एका धर्मशास्त्रज्ञाचा गुप्तपणे सल्ला घेतला. त्याचं नाव तेव्हा बाहेर आलं नाही. चर्चची नैतिक शिकवण वेगळी आणि सामाजिक शिकवण वेगळी, असा धागा त्यातून त्यांच्या हाती लागला. नैतिक शिकवण बंधनकारक, सामाजिक नाही. ४ एप्रिलला बिशपांची बैठक झाली, आणि त्यांच्या निर्णयात शब्द होता तो सामाजिक शिकवणीचाच. ब्राउन यांना वाटलं, सुटलो. पण मंत्रिमंडळाला हा भेद ऐकायचाच नव्हता. ६ एप्रिलच्या बैठकीत पंतप्रधानांनी पत्र वाचून दाखवलं आणि योजना संपल्याचं सांगितलं. ब्राउन लिहितात की, आपण प्रत्येक मंत्र्याला नाव घेऊन विचारलं, तुम्हाला हे मान्य आहे का? सगळे हो म्हणाले. मजूर पक्षाचे मायकल कीज तेवढे पुटपुटले की, बिशपांना असं करू देता कामा नये. पुटपुटले, आणि होकारार्थी मत दिलं.

मॅकब्राइड यांनी १० तारखेला राजीनामा मागितला. ब्राउन यांनी ११ ला तो दिला आणि त्याच दिवशी असं काही केलं की आयरिश राजकारणात ते कुणी केलं नव्हतं. बिशप, पंतप्रधान आणि आपण यांच्यातला सगळा पत्रव्यवहार त्यांनी वर्तमानपत्रांना दिला. 'आयरिश टाइम्स'चे संपादक स्माइली यांनी तो छापायची तयारी दाखवली, आणि १२ एप्रिलच्या सकाळी लोकांनी चहाबरोबर आपल्या सरकारची खाजगी पत्रं वाचली. देशाचं खरं सरकार चर्च आहे, असा त्या दिवशीच्या अग्रलेखाचा रोख होता. त्याच दिवशी डॉलमध्ये कॉस्टेलो म्हणाले की, आपण कॅथलिक आहोत, चर्चच्या अधिकाऱ्यांचं ऐकत आलो आणि ऐकत राहू. महिन्या-दोन महिन्यांत 'द बेल' मासिकात शॉन ओ'फॅओलेन यांनी लिहिलं की, आयर्लंडला दोन संसदा आहेत, एक डब्लिनला आणि एक मेनूथला. मेनूथ म्हणजे बिशपांच्या बैठकीचं ठिकाण. उत्तरेत बेलफास्टच्या युनियनिस्टांनी तीच पत्रं पुस्तिका काढून वाटली. एकत्रित आयर्लंडमध्ये आपलं काय होईल याचा त्यांना हवा होता तसा पुरावा डब्लिननं आयता दिला होता. उत्तरेत १९४८ पासूनच सर्वांना मोफत उपचार मिळत होते. सीमेच्या एका बाजूच्या बाळंतिणीला डॉक्टर फुकट, दुसऱ्या बाजूच्या बाळंतिणीला पैसे मोजून. आयर्लंड एक करायला निघालेल्या पक्षाच्या अध्यक्षाला याची काळजी वाटायला हवी होती.

आता एक गोष्ट, जी ब्राउन यांच्या चाहत्यांनाही बोचते. राजीनाम्याच्या निवेदनात ब्राउन यांनीही म्हटलं होतं की, कॅथलिक म्हणून बिशपांचा निर्णय आपल्याला निःशंकपणे मान्य आहे. त्यांची तक्रार सहकाऱ्यांबद्दल होती, त्यांच्या लपवाछपवीबद्दल. बिशपांच्या अधिकाराला १९५१ च्या ब्राउन यांनी जाहीरपणे आव्हान दिलंच नाही. 'अगेन्स्ट द टाइड'मधला लेखक चर्चवर तुटून पडतो. तो १९८६ चा माणूस आहे. मधल्या काळात तो अनेक पक्षांतून गेला, मनोविकारतज्ज्ञ झाला, कॉनेमाराच्या किनाऱ्यावर राहायला गेला. जे. एच. व्हाइट यांचा चर्च आणि राज्य यांवरचा १९७१ चा अभ्यास हाताशी ठेवून वाचलं तर जागोजागी दिसतं की, म्हातारा ब्राउन तरुण ब्राउनच्या तोंडी नंतरचे विचार घालतो आहे.

पुस्तक आलं त्या वर्षी, जून १९८६ मध्ये, घटस्फोटाला परवानगी देण्याचा प्रस्ताव सार्वमतात मोठ्या फरकानं पडला होता. त्याआधी तीन वर्षं गर्भपातबंदी घटनेत घातली गेली होती. म्हणजे १९५१ हा त्या वाचकांसाठी इतिहास नव्हता. जाणते लोक चुका काढत होते, आणि दुकानांत पुस्तक उरत नव्हतं. फिलिस ब्राउन यांच्या पुस्तकात या साऱ्याची घरातली बाजू येते. मंत्र्याची बायको, मग पदच्युत मंत्र्याची बायको, पैशांची ओढाताण, बदलत गेलेली घरं. तत्त्वासाठी राजीनामा देणाऱ्याबरोबर घरातल्या माणसांनीही तो दिलेला असतो, आणि त्यांना कुणी विचारलेलं नसतं.

मॅक्वेड यांनी आठवणी लिहिल्या नाहीत. त्यांनी कागद ठेवले, पेट्याच्या पेट्या. ते १९९० च्या दशकाच्या अखेरीस अभ्यासकांना खुले झाले, तेव्हा दिसलं की, या माणसाची नजर शाळा, इस्पितळं, रेडिओ, पुस्तकं, सगळीकडं होती. ते स्वतः कॅव्हन परगण्यातल्या एका डॉक्टरचे चिरंजीव. त्यांच्या जन्मानंतर आठवड्याभरात त्यांची आई गेली होती. ज्या दोन पुरुषांनी आयर्लंडच्या आयांबद्दल भांडण केलं, त्या दोघांचीही आई वेळेआधी गेली होती.

ज्यांच्यासाठी योजना होती त्या बायका मात्र या पुस्तकांत कुठंच नाहीत. चार पुस्तकांमध्ये पत्रं आहेत, जेवणं आहेत, बैठका आहेत, कोण कुणाला काय म्हणाला आहे. पंधरा वर्षांत आठ बाळंतपणं झालेली डब्लिनच्या चाळीतली बाई नाही. तिची जागा भरून काढते ती एकटी ब्राउन यांची आई, पहिल्या काही प्रकरणांत. डीनींच्या तारखा, मॅकब्राइड यांचं टिपण, होर्गन यांच्या दुरुस्त्या या सगळ्या मान्य करूनही मला ब्राउन यांचं पुस्तक सर्वांत मोलाचं वाटतं ते यासाठी.

आणखी एक पुस्तक याच्या शेजारी ठेवायला हवं. ब्राउन यांच्यापेक्षा जेमतेम एक वर्षानं लहान असलेला पीटर टिरेल १९१६ मध्ये गॉलवे परगण्यातल्या अत्यंत गरीब घरात जन्मला. १९२४ मध्ये, आठव्या वर्षी, त्याला आणि त्याच्या भावांना आईबापांपासून काढून लेटरफ्रॅकच्या औद्योगिक शाळेत पाठवलं. ख्रिश्चन ब्रदर्स ही शाळा चालवत. आईबाप गरीब होते, एवढंच कारण. तिथं आठ वर्षं झालेली मारहाण त्यानं पुढं लंडनमध्ये शिंपीकाम करताना लिहून काढली आणि सेनेटर ओवेन शीही-स्केफिंग्टन यांना पाठवली. दुसऱ्या महायुद्धात तो ब्रिटिश सैन्यात होता, जर्मनांच्या कैदेत पडला. ती छावणी लेटरफ्रॅकपेक्षा कितीतरी बरी होती, असं त्यानं लिहिलं आहे. २६ एप्रिल १९६७ रोजी लंडनच्या हॅम्पस्टेड हीथवर त्यानं स्वतःला पेटवून घेतलं. मृतदेहाजवळ सापडलेल्या पोस्टकार्डाच्या तुकड्यावरून जवळजवळ वर्षभरानं ओळख पटली. त्याचं हस्तलिखित सेनेटरच्या कागदांमध्ये पडून होतं. ते 'फाउंडेड ऑन फिअर' या नावानं २००६ मध्ये छापलं गेलं. औद्योगिक शाळांवरचा सरकारी चौकशी आयोगाचा अहवाल त्यानंतर तीन वर्षांनी, मे २००९ मध्ये आला, आणि टिरेलनं लिहिलेलं खरं होतं हे राज्यानं मान्य केलं.

मुलाच्या आरोग्याचा हक्क आईबापांचा, राज्याला तिथं शिरायचा अधिकार नाही, असं बिशप १९५० मध्ये लिहीत होते, तेव्हा लेटरफ्रॅकची शाळा चालू होती. ती १९७४ पर्यंत चालली. तिथली मुलं राज्याच्या न्यायालयांनी गरीब आईबापांकडून काढून घेतलेली होती, आणि राज्य त्यांच्यासाठी दर डोई पैसे मोजत होतं. आईबापांच्या हक्काची भाषा या घरांपर्यंत कधी गेली नाही. ब्राउन यांचे वडील ज्या संस्थेत होते तिच्या निरीक्षकांच्या सांगण्यावरूनही अशी मुलं औद्योगिक शाळांत जात. आपल्या मुलांच्या नशिबी संस्था नको, म्हणून बोटीवर चढलेल्या त्या बाईला हे आतून माहीत असणार, कारण ते तिच्या घरातच बोललं जात असणार.

मे १९५१ च्या निवडणुकीत ब्राउन अपक्ष म्हणून निवडून आले. मॅकब्राइड यांच्या पक्षाच्या दहाच्या दोन जागा झाल्या. परत आलेल्या डी व्हॅलेरांनी बिशपांशी आधी बोलून १९५३ चा आरोग्य कायदा केला. बाळंतपणाचा खर्च बऱ्याच बायकांसाठी सरकारनं उचलला, पण उत्पन्नाची अट राहिली. ब्राउन यांनी त्या कायद्याला पाठिंबा दिला आणि काही काळ डी व्हॅलेरांच्या पक्षातही गेले. मिळेल तेवढं घ्यावं, असं त्यांना त्या वेळी वाटलं असावं. २१ मे १९९७ रोजी ते वारले. सहा वर्षांखालच्या प्रत्येक आयरिश मुलाला, आईबापांचं उत्पन्न न विचारता, डॉक्टरकडं फुकट जाता यायला लागलं ते १ जुलै २०१५ पासून.